नसलेला ग्रह

सिंहस्थाचे दिवस जवळ येऊं लागले, कीं नाशकांत समुद्रमंथनाची कथा नव्यानें सांगितली जाऊं लागते. अमृतकुंभांतले थेंब हरिद्वार, प्रयाग, उज्जयिनी आणि नाशिक ह्या चार ठिकाणीं सांडले, आणि गुरु सिंह राशीस आला म्हणजे गोदावरीच्या पाण्यास त्या थेंबांचें सामर्थ्य पुन्हां येतें, हा भाग लहानथोर सर्वांच्या तोंडीं असतो. महाभारताच्या आदिपर्वांत समुद्रमंथन आहे, पण हे चार थेंब नाहींत. ते मागून आले. तेथें आहे ती दुसरीच एक गोष्ट. अमृत वाटलें जात असतां देवांच्या पंगतींत वेष पालटून एक दानव येऊन बसला. घोट त्याच्या कंठापर्यंत उतरला न उतरला तोंच सूर्य आणि चंद्र ह्यांनीं त्याला ओळखून चुगली केली, आणि विष्णूच्या चक्रानें त्याचें मस्तक उडविलें. धड भूमीवर कोसळलें. मस्तकाला अमृत लागलेलें असल्यामुळें तें मरेना. तें आकाशांत राहिलें आणि चुगलीचा सूड म्हणून सूर्यचंद्रांना अधूनमधून गिळूं लागलें. हा राहु. धडाचा केतु झाला तो पुढील काळीं.

गोदावरीच्या खोऱ्यानें ही कथा अगदीं घरचीच करून घेतली आहे. नाशिकाहून नदीबरोबर खालीं उतरत गेलें म्हणजे प्रवरासंगम लागतो, आणि तेथून जवळच प्रवरेच्या कांठीं नेवासें. ज्ञानेश्वरी जेथें सांगितली गेली तें हेंच गांव. येथें मोहिनीराजाचें देऊळ आहे, आणि देवदानवांना समोरासमोर बसवून अमृत वाटणारी मोहिनी ती हीच, असें तेथील लोक सांगतात. मस्तक पडलें ती राहुरी आणि काया पडली तें कायगांव, अशी व्युत्पत्तीही त्या भागांत ऐकावयास मिळते. भाषाशास्त्रज्ञ ती मान्य करोत वा न करोत. एकच मस्तक आकाशांतही आहे आणि राहुरीसही पडलें आहे ह्याची मात्र त्या बाजूस कोणाला अडचण पडलेली दिसत नाहीं.

एका कथेंतून अशा रीतीनें नाशिककरांना दोन ग्रह मिळाले. एक गुरु. तो निरभ्र रात्रीं कोणीही गच्चीवर जाऊन डोळ्यांनीं पाहावा, ११.८६ वर्षांत तो बारा राशी फिरून येतो, म्हणून सिंहस्थ बारा वर्षांनीं येतो. दुसरा राहु. तो आजवर कोणीही पाहिलेला नाहीं, कारण तो नाहींच. असें असून नवग्रहांत त्याला गुरूच्या बरोबरीचें आसन आहे, आणि भय म्हणावें तर गुरूपेक्षां कितीतरी अधिक. नसलेल्या वस्तूची इतकी वर्षें सरबराई कशी चालली, हा इतिहासाचा प्रश्न झाला. तिचें नसणें ज्यांना पुरतें ठाऊक होतें त्यांनीं काय केलें, आणि आज ज्यांना ठाऊक आहे त्यांनीं काय करावें, हा नीतीचा प्रश्न आहे. आणि आम्हांस तो अधिक जवळचा वाटतो.

प्रथम एक गोष्ट मोकळेपणानें मान्य केली पाहिजे. न दिसणारी वस्तु आहे असें कल्पिणें हा कांहीं अपराध नव्हे. भर दुपारीं सूर्य काळा पडतो, पक्षी घरट्याकडे वळतात, गार वारा सुटतो, हें पाहून ज्याला कारण विचारावेंसें वाटत नाहीं त्याच्यापेक्षां दानव कल्पिणारा मनुष्य बुद्धीनें पुढचा होय. ऋग्वेदाच्या पांचव्या मंडलांत स्वर्भानु नांवाचा असुर सूर्याला अंधारानें विद्ध करतो, आणि अत्रि ऋषि तो हरवलेला सूर्य पुन्हां शोधून काढतात. त्या सूक्तांत भय आहे खरें. पण अत्रींना सूर्य सांपडला ह्याचा अभिमान त्याहून मोठा आहे. राहु हा ह्या स्वर्भानूचा वारस. भय त्याच्याकडे आलें, शोधाचा अभिमान मात्र वाटेंत कोठें तरी गळाला.

पुढें निरीक्षण वाढलें. ग्रहण अमावास्येस किंवा पौर्णिमेसच होतें, पण प्रत्येक अमावास्येस वा पौर्णिमेस होत नाहीं, हें ध्यानांत आलें. ह्याचें कारण असें, कीं चंद्राचा मार्ग सूर्याच्या भासमान मार्गाशीं सुमारें पांच अंशांनीं कललेला आहे. हे दोन मार्ग एकमेकांस दोनच ठिकाणीं छेदतात, आणि सूर्य त्या दोहोंपैकीं एका छेदबिंदूच्या आसपास असतांना अमावास्या किंवा पौर्णिमा आली तरच सूर्य, चंद्र व पृथ्वी एका रेषेंत येतात. हे बिंदु स्थिर नाहींत. ग्रहांच्या नेहमींच्या गतीच्या उलट दिशेनें ते सरकत जातात आणि १८.६ वर्षांत राशिचक्राची एक फेरी पुरी करतात. ज्योतिष्यांनीं एका बिंदूला राहु आणि समोरच्याला केतु म्हटलें. म्हणून पंचांगांतला राहु सदा वक्री. म्हणून तो एका राशीस दीड वर्षाच्या किंचित् वर राहतो. आणि म्हणूनच केतु त्याच्यापासून बरोबर १८० अंशांवर, एक कलाही इकडे तिकडे नाहीं. कोंकणांत नांदगांवच्या गणेश दैवज्ञांनीं १५२० मध्यें ग्रहलाघव रचलें, त्यावरून महाराष्ट्रांत शतकानुशतकें पंचांगें निघालीं, आणि त्यांतही राहु आहे. परंतु तो गणिताचा राहु, त्याला तोंड नाहीं कीं दांत नाहींत. शिर आणि धड वेगळें झालेल्या दानवाचें चित्र ह्या दोन समोरासमोरच्या बिंदूंना किती नेमकें लागूं पडलें, हें पाहून आम्हांस तर त्या कथाकाराचें कौतुकच वाटतें.

आमच्यांतील इंग्रजी शिकलेल्यांना राहूचें नांव निघालें कीं थोडी लाज वाटते. युरोपांत असा प्रकार झाला नाहीं, अशी त्यांची समजूत असते. झाला, आणि तो फार जुनाही नाहीं. फ्रेंच ज्योतिषी लव्हेरिये ह्यानें युरेनसच्या चालींतला घोटाळा पाहून त्याच्या पलीकडे एक अदृश्य ग्रह असला पाहिजे असें कागदावर मांडलें. आणि २३ सप्टेंबर १८४६ च्या रात्रीं बर्लिनच्या वेधशाळेंत गॅले ह्यानें दुर्बीण लावतांच सांगितलेल्या जागेपासून एका अंशाच्या आंत नेपच्यून सांपडला. गणितानें दिव्यदृष्टि मिळावी असा हा प्रसंग होता. मग लव्हेरियेची नजर बुधाकडे वळली. बुधाच्या कक्षेंतला सूर्याला सर्वांत जवळचा बिंदु हळूहळू पुढें सरकतो. न्यूटनच्या नियमानें जेवढा सरकावयास हवा त्यापेक्षां तो शतकाला सुमारें ४३ विकला अधिक सरकतो. विकला म्हणजे अंशाचा ३६०० वा भाग. पण ज्योतिषाचा हिशेब विकलेलाही सोडीत नाहीं. लव्हेरियेनें १८५९ मध्यें पूर्वीचीच युक्ति योजिली: बुधाच्या आंत, सूर्याच्या अगदीं निकट, आणखी कांहीं तरी फिरत असलें पाहिजे. लेस्कार्बो नांवाच्या एका खेड्यांतल्या डॉक्टरानें आपण सूर्यबिंबावरून एक काळा ठिपका सरकत जातांना पाहिल्याचें कळविलें. लव्हेरिये स्वतः त्याच्या घरीं गेला, त्याची उलटतपासणी घेतली, आणि त्याची खात्री पटली. ग्रहाचें बारसें झालें: व्हल्कन, रोमन लोकांच्या लोहार देवाच्या नांवानें. डॉक्टराला सरकारी बहुमान मिळाला.

हा व्हल्कन सूर्याच्या तेजांत बुडालेला असणार, तेव्हां तो पाहावयाचा म्हणजे खग्रास ग्रहणांतच. २९ जुलै १८७८ रोजीं अमेरिकेंत खग्रास ग्रहण झालें, तेव्हां वॉटसन आणि स्विफ्ट ह्या दोघां नामांकित वेधकारांनीं आपणांस तो दिसला असें जाहीर केलें. एका कल्पित ग्रहाच्या भोजनाच्या वेळीं दुसऱ्या कल्पित ग्रहाला शोधावें, असा हा योग! बाकीच्यांना तो दिसला नाहीं. पुढच्या ग्रहणांतही कोणाला दिसला नाहीं. लव्हेरिये मात्र १८७७ मध्येंच, व्हल्कनवरील विश्वास मनांत ठेवून, निवर्तला होता. शेवटीं नोव्हेंबर १९१५ मध्यें आइन्स्टाइननें दाखविलें, कीं सूर्याच्या इतक्या जवळ गुरुत्वाकर्षण न्यूटननें सांगितल्याहून किंचित् निराळें वागतें, आणि त्या निराळेपणाचा हिशेब केला म्हणजे त्या ४३ विकला आपोआप निघतात. ग्रहाची गरजच उरली नाहीं. एका दिवसांत व्हल्कन गेला आणि त्याच्यासाठीं कोणी सुतक धरलें नाहीं.

तेव्हां न दिसणारा ग्रह कल्पिण्यांत युरोप आणि हिंदुस्थान असा भेद नाहीं. आजही नेपच्यूनच्या पलीकडे एक मोठा नववा ग्रह असावा असें २०१६ मध्यें कॅलिफोर्नियांतील दोघां शास्त्रज्ञांनीं मांडलें आहे. तो अद्याप कोणाच्या दुर्बिणींत आलेला नाहीं, आणि तरीही तो शोधणाऱ्यांना कोणी भोळे म्हणत नाहीं. भेद आहे तो दुसऱ्या ठिकाणीं. व्हल्कनला कोणाच्या घरीं पाट मांडलेला नव्हता. त्याच्या नांवानें कोणी उपाशी राहत नव्हतें, कोणी दान घेत नव्हतें, कोणाचें लग्न मोडत नव्हतें. त्याला निरोप देण्यास कांहींच पडलें नाहीं. म्हणून युरोपच्या ह्या प्रामाणिकपणाचें फार कौतुक करण्याचेंही कारण नाहीं. जेथें विश्वाची रचना त्यांच्याही देवघरापर्यंत पोहोंचली होती तेथें त्यांनीं काय केलें, हें १६३३ मध्यें गॅलिलिओला विचारावें लागलें असतें. राहूला आमच्याकडे पाट होता. खरी कसोटी तेथें लागते.

आतां आमच्या जाणत्यांनीं काय केलें तें पाहूं. आर्यभटानें ४९९ मध्यें, आपल्या वयाच्या तेविसाव्या वर्षीं, दोन वाक्यांत निकाल दिला: चंद्र सूर्याला झांकतो, आणि पृथ्वीची छाया चंद्राला झांकते. दानवाचें नांवही नाहीं. त्यानंतरच्या शतकांत उज्जयिनीचा वराहमिहिर हीच गोष्ट बृहत्संहितेंत अधिक विस्तारानें सांगतो. राहु म्हणून कोणी मूर्तिमंत असेल आणि तो नियमानें चालत असेल, तर सूर्यचंद्र अमुक अंतरावर असतांनाच तो त्यांना कसा गांठतो. आणि नियमानें चालत नसेल, तर गणितानें त्याची वेळ कशी कळते, असा बिनतोड प्रश्न तो विचारतो. येथवर सर्व ठीक. पण मग तोच वराहमिहिर हळूच एक फट ठेवतो: ग्रहणाच्या वेळीं जें दान आणि हवन होईल त्यानें तुझी तृप्ति होईल, असा वर राहूला मिळालेला आहे, म्हणून लोक ग्रहणाशीं त्याचें नांव जोडतात. राहूला आकाशांतून काढलें, पण स्वयंपाकघरांत ठेवून घेतलें.

ब्रह्मगुप्ताचें वागणें ह्याहून विलक्षण. ६२८ मध्यें, तीस वर्षांच्या वयांत, त्यानें ब्राह्मस्फुटसिद्धांत लिहिला. त्यांतलें ग्रहणाचें गणित छाया, चंद्र आणि सूर्य ह्यांच्या बिंबांच्या मानांवर उभें आहे; राहु त्यांत कोठेंही येत नाहीं. आणि तरीही हाच ग्रंथकार आर्यभट, वराहमिहिर इत्यादिकांवर रागावून म्हणतो, कीं राहु नाकारणारे हे लोक श्रुतिस्मृतींच्या बाहेर गेले. राहु ग्रासत नसेल तर ग्रहणांतलें स्नान, दान आणि होम ह्यांचें पुण्य खोटें ठरेल. त्याच्या युक्तिवादाची दिशा पाहण्यासारखी आहे. राहु आहे म्हणून दान करावें, असें तो म्हणत नाहीं. दान चाललें पाहिजे म्हणून राहु असला पाहिजे, असें म्हणतो.

चारशें वर्षांनीं, १०३० च्या सुमारास, अल्बेरूनीनें हिंदुस्थानावरील आपल्या ग्रंथांत हा उतारा घेतला आणि तो चकित झाला. एवढा तल्लख गणिती, स्वतः छायेनेंच ग्रहण सांगणारा, असें कां लिहितो? त्यानें प्रथम कानउघाडणी केली. पण मग, परक्या माणसाला सहसा न सुचणाऱ्या सहानुभूतीनें, एक तर्क केला. सॉक्रेटिसावर ओढवलें तसें कांहीं संकट ह्या तरुणापुढें उभें राहिलें असावें, म्हणून त्याच्याकडून सदसद्विवेकाविरुद्ध हीं वाक्यें लिहिलीं गेलीं. आमच्या कोणत्याही टीकाकारानें ब्रह्मगुप्ताला इतक्या मायेनें वाचलें असेल असें आम्हांस वाटत नाहीं.

भास्कराचार्यांपाशीं तर संकटाचीही सबब नव्हती. चाळीसगांवाजवळ पाटण येथें त्यांचा नातू चांगदेव ह्यानें त्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठीं मठ स्थापिला, आणि त्याचा १२०७ चा शिलालेख तेथें आहे. इतका मान ज्या घराण्याला होता, त्यांतलाच हा पुरुष. ११५० च्या सिद्धांतशिरोमणींत ते सुंदर युक्ति देतात. अर्धें ग्रासलेल्या चंद्राचीं टोकें बोथट दिसतात आणि ग्रहण बराच वेळ टिकतें. अर्थात् झांकणारी वस्तु मोठी. सूर्याचीं टोकें तीक्ष्ण आणि काळ थोडा. अर्थात् झांकणारी वस्तु लहान. चंद्राला ग्रास पूर्वेकडून लागतो, सूर्याला पश्चिमेकडून. मग गिळणारा एकच कसा? हें वाचून मन प्रसन्न होतें. आणि लगेच ते सांगतात, कीं केवळ गोल जाणणाऱ्यांनीं एवढ्यावर थांबूं नये. वेदपुराणांचा विरोध टाळण्यासाठीं असें समजावें, कीं तमोमय राहु चंद्रग्रहणांत पृथ्वीच्या छायेंत शिरतो आणि सूर्यग्रहणांत चंद्रबिंबांत शिरतो. छायेंत शिरलेली छाया! गणिताला ती लागत नाहीं, डोळ्यांना ती दिसत नाहीं, नुसती जागा अडवून बसते.

ह्या थोर पुरुषांना ढोंगी म्हणण्याचें धाडस आम्ही करणार नाहीं. त्यांच्यापाशीं विद्यापीठ नव्हतें, छापखाना नव्हता. राजाश्रय आणि ब्रह्मवृंदाची मान्यता ह्यांवर ग्रंथाचें जगणें अवलंबून होतें. छायेचें गणित त्यांनीं जिवंत ठेवलें आणि त्याचा मोबदला म्हणून राहूला एक पाट दिला, असेंही म्हणतां येईल. कदाचित् तो सौदा नसता तर गणितही आमच्यापर्यंत पोहोंचलें नसतें. पण सौद्याची किंमत कोणी दिली, हें विचारल्यावांचून तो चांगला कीं वाईट हें ठरत नाहीं; आणि ती किंमत ब्रह्मगुप्तानें दिली नाहीं, भास्कराचार्यांनींही दिली नाहीं.

ती किंमत कोणाकडे जाते तें पाहावयास फार लांब जावें लागत नाहीं. २०२२ च्या दिवाळींत २४ ऑक्टोबरला लक्ष्मीपूजन झालें, २५ ला सायंकाळीं सूर्य ग्रासलेलाच मावळला, आणि पाडवा व भाऊबीज २६ ला एकत्र आल्या. त्या २५ तारखेस आमच्या ओळखीच्या एकाहून अधिक सुशिक्षित घरांत एकच देखावा होता. दिवाणखान्यांत घरचे कर्ते गृहस्थ दिवा, चेंडू आणि लिंबू घेऊन मुलांना ग्रहण कसें होतें तें समजावून देत होते, आणि छान समजावून देत होते. आंतल्या खोलींत, पडदे ओढून, सहा-सात महिन्यांची गरोदर सून वेध लागल्यापासून बसून होती. तिनें कांहीं चिरावयाचें नाहीं, शिवावयाचें नाहीं, खावयाचें नाहीं, आणि कडक घरांत पाणीही प्यावयाचें नाहीं. नाहीं तर गर्भाला व्यंग येतें. दोन खोल्यांत दोन विश्वें, आणि मध्यें एक लोटलेलें दार. १६ फेब्रुवारी १९८० चें ग्रहण आम्हांस आठवतें. आम्ही तेव्हां शाळकरी होतों. खग्रासाचा पट्टा कारवार-रायचूरकडून गेला, नाशकांत तें खंडग्रासच होतें. पण रस्ते असे ओस पडले होते, कीं जणूं गांवावर साथ आली आहे. तेव्हां भीति निदान सर्वांत वांटलेली होती. आतां ती वांटलेली नाहीं. पुरुषांनीं आपला वांटा सोडून दिला आहे, आणि तो सारा आंतल्या खोलींत जमा झाला आहे.

दुसरा वांटा एका सबंध जातीच्या माथीं मारला गेला. लोकसमजुतींत राहूची गांठ मांग जातीशीं घातलेली होती. म्हणून ग्रहण लागलें, कीं त्या वस्तींतलीं माणसें ‘दे दान, सुटे गिराण’ अशी आरोळी देत गल्लोगल्लीं फिरत, आणि जुनेर, धान्य, तांब्याचा पैसा दुरून त्यांच्या पदरांत टाकला जाई. देणाऱ्याला वाटे अरिष्ट गेलें. घेणाऱ्याकडे तें गेलें, हा विचार देणाऱ्याला शिवत नसे. ज्या नाशकांत २ मार्च १९३० रोजीं डॉ. आंबेडकरांच्या नेतृत्वाखालीं काळाराम मंदिराच्या दारापुढें सत्याग्रह सुरू झाला आणि पुढें वर्षानुवर्षें चालला, त्या नाशकांत राहूची ती पंगतींतून उठविल्याची कथा ऐकतांना मन दुसरीकडे जातें. तें आम्ही आवरीत नाहीं.

आणि तिसरा वांटा भित्र्या माणसाच्या खिशाचा. जन्मपत्रिकेंत सर्व ग्रह राहु आणि केतु ह्यांच्या एका बाजूस आले म्हणजे कालसर्प योग होतो असें सांगतात, आणि त्याची शांति करावयास देशाच्या कानाकोपऱ्यांतून माणसें त्र्यंबकेश्वरीं येतात. वराहमिहिराच्या बृहज्जातकांत ह्या नांवाचा योग आढळत नाहीं. म्हणजे दीड हजार वर्षांपूर्वीं जो निव्वळ छेदबिंदु ठरला, त्याचें कुटुंब आमच्या काळीं आटण्याऐवजीं वाढतें आहे. शांति करणाऱ्यांच्या उपजीविकेवर आमचा रोख नाहीं. येणाऱ्यांत नोकरी गेलेले असतात, मूल न झालेलीं जोडपीं असतात. त्यांच्या दुःखाला कोणी तरी नांव दिलें, ह्याचाच त्यांना निम्मा दिलासा असतो, हेंही आम्ही जाणतों. पण त्यांच्याबरोबर पदवीधर मुलगे असतात, आणि ते मुलगे कांहीं बोलत नाहींत, हें आम्हांस खटकतें.

ह्यावर आमचे एक विद्वान स्नेही म्हणतात, कीं तुम्ही शब्दाला धरून बसतां. राहु हें प्रतीक आहे. तेजालाही ग्रासणारें असें कांहीं जगांत आहे, एवढेंच त्या कथेला सांगावयाचें आहे. कथेपुरतें हें आम्हांस शंभर हिश्शांनीं मान्य आहे. नेवाशाचें देऊळ, राहुरी-कायगांवची दंतकथा, अत्रींनीं शोधलेला सूर्य, ह्यांतली एकही गोष्ट आम्ही सोडावयास तयार नाहीं. परंतु प्रतीकाच्या भीतीनें कोणी गरोदर मुलीचें पाणी बंद करीत नाहीं. ज्या क्षणीं तें बंद होतें त्या क्षणीं राहु प्रतीक राहिलेला नसतो, तो पुन्हां दांतांचा झालेला असतो. आणि मग प्रतीकाची गोष्ट ही केवळ बोलणाऱ्याची सोय होते.

दुसरें म्हणणें अधिक वजनाचें आहे. घरांत ऐंशी वर्षांची आजी आहे. तिचें सारें आयुष्य वेध पाळण्यांत गेलें. तिला शेवटच्या दिवसांत छायागणित सांगून काय साधणार? कांहीं नाहीं, आणि सांगूंही नये. आजीसाठीं आम्ही चहा टाकतों, ग्रहण सुटल्यावर स्नान करतों, आणि त्यांत आमच्या सत्यनिष्ठेला बाध आला असें आम्ही मानीत नाहीं. तेथें तहान आमची आहे, आणि आपली तहान कोणाच्या मनासाठीं सोसणें ही माणुसकी आहे. परंतु जेथें तहान दुसऱ्याची आहे, आणि तीही ज्याला नाहीं म्हणण्याचा अधिकार घरांत सर्वांत कमी आहे अशाची, तेथें जाणत्याचें मौन हें आजीवरचें प्रेम नसतें. तेथें तो आजीचें मन राखतो तें सुनेच्या खर्चानें. ब्रह्मगुप्ताला कोणी धमकावलें होतें कीं नाहीं हें अल्बेरूनीला ठाऊक नव्हतें, आपणांसही नाहीं. आपल्याला मात्र कोणी धमकावलेलें नाहीं. फार तर आजी दोन दिवस अबोला धरील.

महाराष्ट्रांत ग्रहणाकडे दुसऱ्या नजरेनें पाहण्याची परंपरा नाहीं असेंही नाहीं. २२ जानेवारी १८९८ चें खग्रास ग्रहण कोंकणच्या किनाऱ्यावरून देशावर चढलें, तेव्हां विलायतेहून आलेला लॉक्यर विजयदुर्गावर आपलीं यंत्रें मांडून बसला होता, आणि पुण्याच्या कॉलेज ऑफ सायन्समधील प्राध्यापक कावसजी नायगमवाला सोलापूर जिल्ह्यांत जेऊर येथें. नायगमवालांनीं त्या वेधांचा अहवाल पुस्तकरूपानें प्रसिद्ध केला. अत्रींचा वारसा म्हणावयाचा तर तो जेऊरच्या त्या माळावर होता.

आतां नाशकाच्या पुढ्यांत काय आहे तें सांगतों. जाहीर झालेल्या कार्यक्रमाप्रमाणें ह्या सिंहस्थांतलें पहिलें अमृतस्नान २ ऑगस्ट २०२७ रोजीं धरलेलें आहे. तो सोमवार, आषाढी अमावास्या, म्हणजे आमच्या घराघरांतली दिव्यांची अंवस. त्याच दिवशीं सूर्यग्रहण आहे. खग्रासाचा पट्टा स्पेनच्या दक्षिण टोकावरून, उत्तर आफ्रिकेवरून, इजिप्तांत लक्सरजवळून जातो, आणि तेथें सूर्य सहा मिनिटांहून अधिक काळ झांकलेला राहतो. नाशकांत तें दुपार कलल्यावर खंडग्रास दिसावयाचें, तेंही श्रावणाच्या तोंडचे ढग आड आले नाहींत तर. कथेंतले दोघेही, दिसणारा गुरु आणि न दिसणारा राहु, एकाच दिवशीं रामकुंडावर येतात. सकाळीं घांसूनपुसून लखलखीत केलेले पितळी दिवे घरोघर पाटावर मांडलेले असतील. त्यांतलाच एक उचलून, एक चेंडू आणि एक लिंबू घेऊन मुलांना सायंकाळचें ग्रहण समजावून द्यावयास फारशी खटपट पडणार नाहीं. त्या वेळीं आंतल्या खोलीचें दार उघडून तेथें बसलेल्या मुलीलाही बाहेर बोलवावयाचें कीं नाहीं, आणि तिच्या हातीं पाण्याचा पेला कोणी द्यावयाचा, एवढें त्या त्या घरानें ठरवावयाचें आहे.